‘पोहता येतं ना सगळ्यांना?’

गाडी तुलुमच्या बाहेर पडून हायवेला लागली, तेव्हा पुढच्या सीटवरून गाइडने मागे वळून इंग्रजीत विचारलं, ‘‘पोहता येतं ना सगळ्यांना?’’ आम्ही आठजण होतो. मी, मुलगी, जावई आणि आणखी पाच प्रवासी. सगळ्यांनी माना हलवल्या. मी तर चांगलं ठणकावून ‘हो’ म्हटलं. त्या ‘हो’बद्दलच आज लिहायचं आहे, कारण त्यानंतर सात तासांनी मी माझ्या मुलीच्या गळ्याला मिठी मारून तिला पाण्याखाली ढकलत होते.

माझं ‘हो’ खोटं नव्हतं. तासगावजवळच्या आमच्या गावात मी नवव्या वर्षी विहिरीत पोहायला शिकले. थोरल्या चुलत्यांनी पाठीला तेलाचा रिकामा डबा बांधला आणि काठावरून ढकलून दिलं. तीन दिवस नाकातोंडात पाणी गेलं, चौथ्या दिवशी डबा सुटला. पुढची सहा-सात वर्षं मे महिन्याची सुट्टी विहिरीतच गेली. सूर मारायचा, तळाची माती मुठीत घेऊन वर यायचं, हे सगळं मला येत होतं. पण त्याला आता चाळीस वर्षं झाली होती. मधल्या काळात कमरेएवढ्या पाण्याच्या पलीकडे मी गेले नव्हते. पोहणं माणूस विसरत नाही म्हणतात, ते खरंच आहे. हातपाय आपोआप चालायला लागतात. पण दम टिकेल की नाही, हे हातापायांना ठाऊक नसतं. आणि नेमका तोच प्रश्न मला कोणी विचारला नाही, मीही स्वतःला विचारला नाही.

आम्ही गेलो होतो मेक्सिकोच्या युकातान द्वीपकल्पात, सेनोटे बघायला. मुलगी ह्यूस्टनला असते, तिथून विमानाने हे अंतर फार नाही. डिसेंबरच्या सुट्टीत अमेरिकेतली कितीतरी मराठी कुटुंबं हल्ली तिकडे जातात, भारतातून आलेल्या आईवडिलांनाही बरोबर नेतात. म्हणून हे लिहिणं त्यांच्यासाठीही आहे.

सेनोटे म्हणजे काय, हे समजून घेतलं तर तिथला धोकाही समजतो. युकातानचा उत्तर भाग सगळा चुनखडीचा, भाकरीच्या पापुद्र्यासारखा पोकळ. पाऊस पडतो तो जमिनीत मुरतो, त्यामुळे वर एकही नदी नाही. नद्या सगळ्या पोटात. पावसाचं पाणी चुनखडी विरघळवत जातं, गुहा तयार होतात, आणि कुठेतरी छप्पर खचलं की खाली पाणी दिसतं. तेच सेनोटे. माया भाषेतल्या ‘त्सोनोत’ या शब्दाचं हे स्पॅनिश रूप. चिचेन इत्झा या तिथल्या प्राचीन माया शहराच्या नावाचा अर्थच ‘इत्झांच्या विहिरीच्या तोंडाशी’ असा आहे. तिथल्या पवित्र सेनोट्यात मायांनी पर्जन्यदेव चाक याला सोनं, जेड आणि माणसंसुद्धा अर्पण केली होती. त्यात आज कोणाला उतरू देत नाहीत. ६.६ कोटी वर्षांपूर्वी चिक्शुलुबला जो अशनी आदळला, त्याच्या विवराच्या कडेनेही सेनोट्यांची एक मोठी कमान उमटली आहे.

लक्षात ठेवायची गोष्ट अशी की वरून दिसतो तो फक्त दरवाजा असतो. साक आक्तून ही पाण्याखालची गुहांची मालिका २०१८मध्ये शेजारच्या दोस ओहोस मालिकेशी जोडलेली सापडली, तेव्हा तिची लांबी ३४७ किलोमीटर भरली. त्याच मालिकेतल्या ओयो नेग्रो नावाच्या खोल खड्ड्यात पाणबुड्यांना २००७मध्ये बारा-तेरा हजार वर्षांपूर्वीच्या एका मुलीचा सांगाडा सापडला. पंधरा-सोळा वर्षांची असेल. तेव्हा समुद्राची पातळी खूप खाली होती, गुहा कोरड्या होत्या. अंधारात चालताना ती त्या खड्ड्यात पडली असावी, असा संशोधकांचा अंदाज आहे. मला ती हकिकत परत आल्यावर कळली. त्या रात्री झोप लागली नाही.

पहिलं सेनोटे उघडं होतं, आणि मी तिथे हरखून गेले. अगदी आमची विहीर! तसाच गोल काठ, तशीच ओल, कपारीत पाखरांची घरटी. आमच्याकडे पारवे घुमायचे, इथे पाकोळ्यांची ये-जा चालली होती. वरच्या झाडांची मुळं दोराच्या जुड्यासारखी थेट पाण्यापर्यंत लोंबत होती. पाणी इतकं नितळ की तळाचा दगड हाताशी वाटावा. लाकडी जिन्याने उतरायच्या आधी सगळ्यांना शॉवरखाली उभं केलं. सनस्क्रीन, डासांचं मलम, डोक्याचं तेल, काही चालत नाही, कारण हेच पाणी खालून गावांच्या विहिरींना आणि समुद्रातल्या प्रवाळांना जातं. हा नियम मनापासून पाळा. ऊन लागू नये म्हणून लांब बाह्यांचा पोहण्याचा सदरा घाला, तो जास्त उपयोगी पडतो.

तिथे लाइफ जॅकेट सक्तीचं होतं, त्यामुळे मी अर्धा तास आरामात तरंगले. दुसऱ्या ठिकाणीही तसंच. इथेच माझा अंदाज चुकायला लागला. आदल्या दिवशी मी कॅरिबियन समुद्रात पोहले होते आणि फारशी दमले नव्हते. पण समुद्राचं पाणी खारट आणि जड, ते माणसाला उचलून धरतं. सेनोट्याचं वरचं पाणी गोडं. त्यात शरीर जास्त बुडतं, त्याच अंतराला जास्त हातपाय मारावे लागतात. शिवाय पाणी बारा महिने २४-२५ अंशांच्या आसपास. हात घातला तर सुखद वाटतं, पण पाणी हवेपेक्षा वीसपटींहून अधिक वेगाने अंगातली ऊब ओढून घेतं. दोन ठिकाणी मिळून तासभर पाण्यात काढल्यावर माझी बोटं पांढरी पडली होती. दुपारचं जेवण तिसऱ्या सेनोट्यानंतर होतं. सकाळच्या कॉफी-पावावर मी उभी होते, आणि रक्तदाबाची गोळी घेतल्याचं मी गाइडला सांगितलंच नव्हतं.

तिसरं सेनोटे गुहेतलं. जमिनीतल्या एका भोकातून दगडी पायऱ्या खाली जातात, आणि खाली काळं पाणी. डोक्याला हेल्मेट, त्यावर दिवा. आत एक दोर लावलेला होता, त्याच्या कडेने पोहत एका दालनातून दुसऱ्या दालनात जायचं होतं. इथे जॅकेट ‘हवं त्यांनी घ्या’ असं होतं. बाकीच्या पाचजणांपैकी चौघांनी घेतलं नाही. माझ्या हातात जॅकेट होतं. गार, ओलं, जड. मुलगी म्हणाली, ‘‘आई, घाल ना.’’ मी म्हटलं, ‘‘अगं, चालेल मला. विहिरीत शिकलेय मी.’’ आणि ते खुंटीला अडकवून ठेवलं.

आतलं सौंदर्य खरोखर सांगण्यापलीकडचं होतं. छतातून हजारो लवणस्तंभ खाली आलेले, काही सुईसारखे, काही हत्तीच्या पायाएवढे, आणि त्यातले कितीतरी पाण्याच्या खालीही तसेच लोंबते. गुहा कोरडी असताना थेंबाथेंबाने ते तयार झाले, नंतर समुद्र चढला आणि ते बुडाले. दिव्याच्या उजेडात पाणी दिसतच नव्हतं. आपण हवेत तरंगतोय, असं वाटत होतं.

दुसऱ्या दालनाकडे जाताना छत खाली आलं. डोक्यावर वीतभर जागा राहिली. मागे वळून पाहिलं तर दाराचा उजेड नाहीसा झाला होता. त्याच वेळी उजव्या पोटरीत गोळा आला. चाळीस वर्षांपूर्वीची सवय जागी झाली, आणि मी पाय टेकायला भिंतीकडे सरकले. आमच्या विहिरीच्या बांधकामात हातभर अंतराने पाय ठेवायला खोबण्या होत्या. इथे भिंत आत वळलेली होती, पायाखाली नुसती पोकळी. एक श्वास चुकला, पाणी घशात गेलं. वर हात केला तर हातात एक लवणस्तंभ आला. अंगठ्याएवढा, गार, ओला, बुळबुळीत. मी त्याला लटकले आणि त्याचं टोक माझ्या मुठीत आलं. किती हजार वर्षांचं होतं, कोण जाणे. ती बोटं मला अजून नकोशी वाटतात.

मग मुलगी जवळ आली आणि मी तिला धरलं. धरलं म्हणजे दोन्ही हातांनी गळा आवळला. ती खाली गेली, तिचा दिवा पाण्याखाली हिरवा दिसला, आणि तरीही माझे हात सुटेनात. मला ती माझी मुलगी आहे हे कळत होतं, पण हात माझे राहिले नव्हते. जावयांनी तिला मागून ओढलं, गाइड पुढून उलटा फिरून आला, त्याने मला उताणं केलं, खांद्याखाली लाल फ्लोट सरकवला आणि कानाशी एकच शब्द म्हणत राहिला, ‘‘ब्रीद, ब्रीद.’’ सगळं मिळून मिनिटभराचंच असेल. मुलीच्या मानेवर माझ्या नखांचे वळ आठवडाभर होते.

आता जाणाऱ्यांना सांगते. ‘पोहता येतं का’ या प्रश्नाला ‘हो’ किंवा ‘नाही’ असं उत्तर देऊच नका. शेवटचं कधी पोहलात, पाय न टेकता किती वेळ राहू शकता, अंधारात कधी पाण्यात होतात का, हे सांगा, आणि गटासमोर नको, गाइडला बाजूला घेऊन सांगा. आजार, गोळ्या, गुडघ्याचं ऑपरेशन, सगळं त्याच वेळी. जायच्या आधी महिनाभर घराजवळच्या तलावात जा. पाय न टेकता दहा मिनिटं उताणं पडून राहता येत नसेल, तर गुहेतल्या सेनोट्यात जॅकेटशिवाय उतरू नका. मी तर म्हणेन, येत असेल तरी उतरू नका. जॅकेटचे पट्टे घट्ट आवळून बघा, खांद्याला धरून कोणाला तरी वर ओढायला सांगा. ते कानापर्यंत वर सरकलं तर दुसरं मागा.

सहल ठरवतानाच विचारा: किती सेनोटे उघडे, किती गुहेतले? पोहत किती अंतर जायचं? दाराचा उजेड शेवटपर्यंत दिसतो का? मधे खायला कधी मिळतं? आणि माझ्या मते सर्वांत महत्त्वाचं म्हणजे शेवटच्या माणसाच्या मागे कोण असतं? आठजणांना एकच गाइड होता आणि तो सगळ्यांत पुढे होता. छोटा गट म्हणजे सुरक्षित गट, हे मी गृहीत धरलं होतं. छोट्या गटाला भिडेचा धोका मात्र जास्त असतो. चाळीसजणांत दोघे वर थांबले तर कोणाच्या लक्षातही येत नाही. आठांत एकजण थांबला की सगळे वळून बघतात, आणि मग आपल्यामुळे खोळंबा नको म्हणून आपण ‘चालेल, चालेल’ म्हणत उतरतो. आपल्या पिढीच्या बायकांना तर ‘चालेल’ म्हणायची फारच सवय. वर थांबायचं असेल तर सोय काय, हे आधीच ठरवून ठेवा.

घाबरलात तर माणसाला धरू नका. दोर धरा, उताणे व्हा, मान मागे टाका, ओरडा. आणि कोणी घाबरलेलं दिसलं तर समोरून जवळ जाऊ नका. फ्लोट, जॅकेट, काहीही त्याच्याकडे ढकला. मुलीला हे ठाऊक होतं, पण आई म्हटल्यावर तिला सुचलं नाही.

बारीकसारीक गोष्टीही असू द्या: कोरडा टॉवेल आणि जाड कपडा, न घसरणारी पाण्यातली चप्पल, रोख पेसो, पिशवीत शेंगदाणे नाहीतर लाडू. वायादोलिदकडे जाणार असाल तर तिथलं घड्याळ तुलुमपेक्षा तासभर मागे असतं, दुपारच्या गोळीची वेळ त्याप्रमाणे धरा.

परतीच्या गाडीतली एक गोष्ट राहिली. मी टॉवेल गुंडाळून खिडकीशी बसले होते, दात वाजत होते. शेजारी माझ्याच वयाची कॅनडाहून आलेली बाई होती. तीही जॅकेट न घेता उतरली होती. बराच वेळ ती काही बोलली नाही. मग माझ्या हातावर हात ठेवून हळूच म्हणाली, की तिला त्या पायऱ्यांवरूनच परत फिरायचं होतं, छातीत धडधडत होतं. पण मी जॅकेट खुंटीला अडकवलेलं तिने पाहिलं, आणि मग तिनेही आपलं काढून शेजारच्या खुंटीला लावलं.