आईची भूमिका नाकारण्याआधी

सांगली

चि. मुक्ता,

वाईकडे चाललेल्या मालिकेत तुला नायकाच्या आईचं काम देऊ केलंय, म्हणून तू साताऱ्यात तोंड फुगवून बसली आहेस, असं ताईकडून कळलं. ऐन उमेदीत आई कसली करायची, असं तुझं म्हणणं. राग खोटा नाही. पण नकार कळवण्याआधी 'सुजाता' बघ.

त्यातली आई म्हणजे सुलोचनाबाई. आपल्याच पट्ट्यातल्या, चिकोडीकडच्या खडकलाटच्या. जन्म 1928 चा, सिनेमा 1959 चा; म्हणजे बाई तेव्हा जेमतेम तिशीच्या. पडद्यावरच्या मुलींपैकी शशिकला त्यांच्याहून चार वर्षांनी लहान, नूतन आठ. सांभाळलेल्या पोरीवर या आईची माया आहे, पण चारचौघांत तिला आपली म्हणायची हिंमत नाही. शेवटी त्याच पोरीच्या रक्तावर तिचा जीव वाचतो. ना धड चांगली, ना धड वाईट अशी बाई तिशीत करायला मिळणं ही नटीची चैन आहे.

दुसरी बाजूही सांगतो. 'जॉनी मेरा नाम'मध्ये (1970) देव आनंद आणि प्राण त्यांचे मुलगे; दोघंही वयानं त्यांच्याहून मोठे! नायक म्हातारा होत नाही, बाईला मात्र लवकर पांढरे केस लावतात. याची भलामण मी करणार नाही. हिंदीतल्या पुष्कळ आया नुसत्या रडण्यापुरत्या असत.

पण 'मोलकरीण' (1963) घे. रमेश देव त्यांचा मुलगा, वयानं सहाच महिन्यांनी लहान. तरी सिनेमा अख्खा आईचा. शिकवून मोठा केलेल्या पोराच्या घरी ती मोलकरीण होऊन राबते. तिला वगळलं तर गोष्टच उरत नाही. 'वहिनींच्या बांगड्या'मधली (1953) नायिकाही याच बाई, हे विसरू नकोस.

म्हणून दिग्दर्शकाला आईचं वय विचारत बसू नकोस. ती गोष्टीत काय ठरवते, तिच्या एखाद्या निर्णयानं कुणाचं काही बिघडतं-सुधारतं का, ते विचार. पुढच्या महिन्याभराचे भाग वाचायला माग. त्यात ती नुसती आरतीचं ताट घेऊन उभी असेल, तर खुशाल नाही म्हण. ताईची समजूत मी घालीन. काम घेतलंस तर पैशांचं आणि तारखांचं मात्र आधी कागदावर लिहून घे.

तुझा,
बाळूमामा