दोन जातींचे फोन आणि एक टपाल



आपला मराठवाडा १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानांत होता, हें आपण इतिहासांत वाचलें आहे. परंतु त्या काळीं नांदेडच्या अगर लातूरच्या माणसास सोलापुरास पत्र धाडावयाचें झाल्यास काय करावें लागे, हें पाठ्यपुस्तकांत सहसा सांपडत नाहीं. हैदराबाद संस्थानाचें टपालखातें स्वतंत्र होतें. त्याचीं तिकिटें १८६९ पासून निघूं लागलीं. त्यांपैकीं कांहींवर उर्दू व इंग्रजी यांच्या जोडीस तेलुगु आणि मराठी अक्षरेंही असत. हीं तिकिटें संस्थानच्या हद्दींत चालत. हद्दीबाहेर त्यांचा उपयोग नसे. सोलापूर इंग्रजी मुलखांत असल्यामुळें तिकडे जाणाऱ्या पत्रास ब्रिटिश हिंदुस्थानचें तिकीट लागे. भाषा एक, सोयरीक एक, बाजारही एक. पण टपाल मात्र दोन! १९५० सालीं संस्थानचें टपालखातें भारताच्या टपालखात्यांत मिळून गेलें, तेव्हां ही अडचण दूर झाली.

ही जुनी हकीकत आज सांगण्याचें कारण असें कीं, आपल्या खिशांतील फोनांच्या जगांतही अशींच दोन राज्यें आहेत. एक राज्य अँड्रॉइड फोनांचें, दुसरें आयफोनचें. प्रत्येकाच्या हद्दींत निरोपांची उत्तम सोय आहे. परंतु एका राज्यांतून दुसऱ्यांत निरोप जातांना तो पुष्कळ वर्षें आपले अलंकार सीमेवर उतरवूनच जात असे. ही सीमा मोकळी करणारा जो करार अलीकडे अमलांत आला, त्यास इंग्रजी आद्याक्षरांवरून आरसीएस म्हणतात. तो काय आहे, आणि आपल्या फोनावर तो कसा सुरू करावा, हें या पाठांत पाहूं.

प्रथम जुनी रीत समजून घेऊं. फोनावरून धाडलेला पहिला अक्षरसंदेश, म्हणजे एसएमएस, इंग्लंडांत ३ डिसेंबर १९९२ रोजीं गेला. नाताळच्या शुभेच्छेचे दोन इंग्रजी शब्द, इतकाच तो मजकूर होता. एका एसएमएसला १४० बाइट, म्हणजे ११२० बिट, इतकी जागा ठरवून दिलेली आहे. साध्या इंग्रजी अक्षरास ७ बिट पुरतात. म्हणून ११२० ला ७ नीं भागून १६० अक्षरें मावतात. देवनागरीच्या प्रत्येक चिन्हास मात्र सामान्यतः १६ बिट लागतात. म्हणून ११२० ला १६ नीं भागून केवळ ७० चिन्हें मावतात. शिवाय काना, मात्रा, वेलांटी आणि हलन्त हीं सर्व येथें स्वतंत्र चिन्हें म्हणून मोजलीं जातात. ‘विद्यार्थी’ हा शब्द आपल्या डोळ्यांस तीन अक्षरांचा दिसतो. परंतु फोन त्यांत व, वेलांटी, द, हलन्त, य, काना, र, हलन्त, थ आणि दीर्घ वेलांटी अशीं दहा चिन्हें मोजतो. मधल्या मोकळ्या जागा धरल्यास एका एसएमएसमध्यें हा शब्द सहा वेळांच मावेल! मजकूर याहून लांब झाला कीं त्याचे तुकडे होतात, आणि प्रत्येक तुकडा निराळा एसएमएस म्हणून मोजला जातो. मराठी माणसें इंग्रजी लिपींत मराठी लिहूं लागलीं, त्यास जीं अनेक कारणें झालीं त्यांत हेंही एक होय.

ही झाली अक्षरांची गोष्ट. छायाचित्राची अडचण याहून मोठी. तें धाडण्यास एमएमएस नांवाची जुनी रीत होती. परंतु तिचें माप लहान असल्यामुळें चित्र दाबून, आंखडून धाडावें लागे. लातूरच्या जुन्या लोकांस यासारखी एक गोष्ट ठाऊक आहे. १९११ सालीं लातुरास आलेली बार्शी लाइट रेल्वे अडीच फूट रुंदीच्या रुळांवर चाले, आणि मुंबईचा लोहमार्ग रुंद रुळांचा. म्हणून कुर्डुवाडीस माल एका गाडींतून उतरवून दुसरींत भरावा लागे. त्या मालाचें निदान वजन तरी कायम राही; एमएमएसच्या अरुंद रुळावर चित्राचा तपशीलच गळून जातो.

यांत बिघडतें काय, असें कोणी विचारील. समजा, किनवट तालुक्यांतील एक मुलगी लातुरास वसतिगृहांत राहून बारावीचा अभ्यास करीत आहे. ‘लातूर पॅटर्न’चें नांव ऐकून अशीं हजारों मुलें घर सोडून त्या शहरीं येतात. थोरल्या भावानें आपला जुना आयफोन तिला दिला आहे; गांवीं वडिलांजवळ साधा अँड्रॉइड फोन आहे. प्रवेशपरीक्षेचें पत्रक हातीं येतांच ती त्याचें छायाचित्र वडिलांस धाडते. तें जुन्या वाटेनें गेलें, तर केंद्राचें नांव धूसर होतें आणि वेळेचा आंकडा ३ कीं ८ हें कळत नाहीं. वडील रात्रीच्या एसटीनें निघणार, आणि परीक्षाकेंद्राचें दार ठरल्या वेळीं बंद होणार! एका धूसर आंकड्यावर वर्षाची मेहनत टांगलेली असते. म्हणून हा विषय हौशी माणसांच्या करमणुकीचा आहे असें कोणी समजूं नये.

आतां नवी रीत. जीएसएमए ही जगांतील मोबाइल कंपन्यांची संघटना आहे. तिनें २००८ च्या सुमारास आरसीएसचें काम हातीं घेतलें. परंतु ज्याची त्याची तऱ्हा निराळी राहिल्यामुळें तें कांहीं वर्षें रेंगाळलें. नोव्हेंबर २०१६ मध्यें सर्वांनीं पाळावयाचा एक समान नमुना प्रसिद्ध झाला. गूगलनें तो अँड्रॉइड फोनांवर आणला. ॲपल कंपनीचें स्वतःचें आयमेसेज नांवाचें टपाल २०११ पासून होतें. तें आयफोन ते आयफोन असेंच चाले. अखेर १६ सप्टेंबर २०२४ रोजीं आलेल्या आयओएस १८ या प्रणालींत ॲपलनेंही आरसीएसला जागा दिली, आणि सीमेवरचें दार उघडलें. आतां या वाटेनें मोठीं व स्वच्छ छायाचित्रें जातात, मराठी मजकुरास ७० चिन्हांचें बंधन राहत नाहीं, निरोप पोंचला व वाचला गेला हें समजूं शकतें, आणि दोन्ही जातींचे फोन एकाच मंडळांत बसूं शकतात.

कोणी म्हणेल, “व्हॉट्सॲप असतां याची गरज काय?” शंका रास्त आहे. व्हॉट्सॲप हें एका कंपनीचें टपाल आहे. दोघांनींही तें घेतलेलें असल्यासच तें चालतें. आरसीएस हा अनेक कंपन्यांनीं मान्य केलेला करार असून तो फोनांतील नेहमीच्या संदेशपेटींतच, केवळ नंबराच्या आधारें चालतो. व्हॉट्सॲप सोडावें असें आमचें म्हणणें नाहीं. परंतु घराला दोन दारें असलेलीं बरीं.

आतां प्रत्यक्ष कृति. ती वडील मंडळींच्या समक्ष करावी.

अँड्रॉइड फोन असल्यास: प्रथम गूगलचें ‘मेसेजेस’ हें ॲप फोनावर आहे कीं नाहीं तें पाहावें, व संदेशांसाठीं तेंच मुख्य ॲप म्हणून निवडावें. तें उघडून वरच्या कोंपऱ्यांतील आपल्या चित्रावर बोट ठेवावें. मग ‘मेसेजेस सेटिंग्ज’ व त्यांत ‘आरसीएस चॅट्स’ येथें जाऊन कळ चालू करावी. फोन आपल्या नंबराची खात्री करून घेतो. त्यास थोडा अवधि लागूं शकतो. शेवटीं ‘कनेक्टेड’ असा शब्द दिसला म्हणजे काम झालें.

आयफोन असल्यास: फोनावर आयओएस १८ अगर त्यापुढील प्रणाली पाहिजे, २०१८ सालच्या एक्सआर व एक्सएस या नमुन्यांपासून पुढील फोनांवर आयओएस १८ बसते. ‘सेटिंग्ज’ उघडून ‘ॲप्स’, त्यांत ‘मेसेजेस’, आणि त्यांत ‘आरसीएस मेसेजिंग’ अशा क्रमानें जाऊन कळ चालू करावी. ही कळच दिसत नसेल, तर फोन बिघडला असें समजूं नये. आयफोनावर ही सोय सिमकार्डाच्या कंपनीनें दिलेली असावी लागते. अशा वेळीं प्रणाली अद्ययावत् करून पाहावी, आणि तरीही कळ न दिसल्यास कंपनीकडे चौकशी करावी.

दोन्हीकडे कळा चालू झाल्या कीं परीक्षा घ्यावी. निरोप लिहावयाच्या रिकाम्या चौकटीकडे नीट पाहावें. तेथें ‘आरसीएस’ हीं अक्षरें दिसलीं तर नवी वाट खुली आहे. तीं नसून केवळ ‘टेक्स्ट मेसेज’ असें असेल, तर निरोप जुन्या एसएमएसच्या वाटेनें जाणार. मग एखाद्या छापील पानाचें छायाचित्र पलीकडे धाडावें, आणि त्यांतील सर्वांत बारीक आंकडा पलीकडच्या माणसाकडून वाचून घ्यावा. तो बरोबर वाचला गेला तर सोय लागली. परीक्षेच्या आदल्या रात्रीं ही खटपट करण्यापेक्षां ती आजच करून ठेवणें शहाणपणाचें.

आणखी चार गोष्टी लक्षांत ठेवाव्या.

पहिली: आरसीएसला इंटरनेट लागतें. तें नसल्यास निरोप पुन्हां एसएमएस होऊन जाऊं शकतो, व आपल्या पॅकमधील एसएमएस खर्च होतात. तरीही जुन्या रीतीस कमी लेखूं नये. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहांटे किल्लारीचा भूकंप झाला व हजारों माणसें दगावलीं, तेव्हां आपल्या देशांत मोबाइल फोन नव्हता. त्यावरील पहिलें संभाषण ३१ जुलै १९९५ रोजीं झालें. अशा प्रसंगीं दूरच्या आप्तांस ‘सुखरूप आहों’ हे दोन शब्द मिळणें केवढी मोठी गोष्ट आहे! इंटरनेट बंद पडलें असतांही असे दोन शब्द एसएमएस पोंचवूं शकतो. म्हणून संकटकाळचा निरोप नेहमीं आंखूड लिहावा.

दुसरी: गुप्ततेची. आपल्या देशांत १८७९ सालीं पाव आण्याचें पोस्टकार्ड निघालें. तें स्वस्त व सोयीचें होतें, पण वाटेंत कोणासही वाचतां येई. एसएमएसही तसाच उघडा असतो. गूगलच्या मेसेजेसमध्यें अँड्रॉइड ते अँड्रॉइड जाणाऱ्या आरसीएस निरोपांस कुलूप असतें, आणि त्याचें चिन्ह पडद्यावर दिसतें. दोन निराळ्या जातींच्या फोनांमधील कुलुपाचे नियम जीएसएमएनें मार्च २०२५ मध्यें जाहीर केले. ते प्रत्येक फोनावर व प्रत्येक कंपनीकडे एकदम लागू होत नाहींत. म्हणून कुलुपाचें चिन्ह स्वतः पाहिल्यावांचून निरोपास बंद पाकीट समजूं नये, पोस्टकार्डच समजावें.

तिसरी: सावधगिरीची. दार उघडलें कीं पाहुण्याबरोबर भामटाही येतो. २०२२ सालीं आरसीएसवर जाहिरातींचा इतका सुळसुळाट झाला कीं, गूगलला आपल्या देशांत व्यापारी जाहिरातींची ती वाट थांबवावी लागली. लग्नपत्रिकेच्या नांवानें एपीके या जातीची फाईल आल्यास ती उघडूं नये. नंबराच्या खात्रीसाठीं आलेला ओटीपी कोणासही सांगूं नये. तो मागणारा बँकेचें नांव सांगो कीं पोलिसाचें! फसवणूक झाल्यास लाजून गप्प न बसतां १९३० या क्रमांकावर तत्काळ कळवावें.

चौथी: फोन बदलतांना, विशेषतः सिमकार्ड दुसऱ्या फोनांत घालण्यापूर्वीं, जुन्या फोनावरील आरसीएस बंद करावें. नाहींतर निरोप जुन्याच पत्त्यावर जात राहण्याचा संभव असतो. घर बदलल्यावर पोस्टमनला सांगावें लागतें, तसेंच हें.

शेवटीं विद्यार्थ्यांस एक सांगणें आहे. आयफोनावर आयमेसेजची चौकट निळी दिसते, आणि अँड्रॉइडकडे जाणाऱ्या निरोपाची हिरवी. आरसीएस आलें तरी हा रंग बदललेला नाहीं. कांहीं ठिकाणीं या हिरव्या रंगावरून मुलें एकमेकांस हिणवितात, असें ऐकूं येतें. आपल्या शाळेंत तसें होऊं नये. हिरव्या चौकटीपलीकडे बहुधा शेतावरून नुकताच घरीं आलेला कोणाचा तरी बाप असतो. मुलीचा निरोप वाचण्यासाठीं तो चष्मा पुसून फोन उजेडाकडे धरतो. त्याच्या हातीं स्वच्छ अक्षर पडावें, एवढ्याचसाठीं ही सारी विद्या आहे.

येत्या सुटींत घरीं गेल्यावर आपला व वडिलांचा असे दोन्ही फोन शेजारीं ठेवा, वर सांगितल्याप्रमाणें कळा चालू करा, आणि पहिला निरोप शुद्ध मराठींत, देवनागरींत, मनसोक्त लांब लिहा. सत्तर चिन्हांची काटकसर आतां करावी लागणार नाहीं.