कागद वाचला तर जमीन वाचली

मंगळवेढ्याची काळी रानं ज्वारीसाठी नावाजलेली. रान चांगलं, पण कागदावर ते कोणाच्या नावाचं? हा प्रश्न आधी विचारावा.

कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी १९२५ साली 'सावकारी पाश' नावाचा चित्रपट काढला. त्यात शेतकऱ्याचं काम व्ही. शांताराम यांनी केलं. सावकार खोटे कागद करतो. शेतकऱ्याची जमीन जाते. तो शहरात जाऊन गिरणीत मजूर होतो. तो मूकपट होता. बोलणं पडद्यावर अक्षरांत येई. ज्याला वाचता येत नसे, त्याने शेजाऱ्याला विचारावं. पडद्यावरचं शेजारी सांगेल. पण सावकाराचा कागद कोण वाचून दाखवणार? १९३६ साली पेंटरांनी हीच गोष्ट बोलपटात आणली.

पुढे १९४८ साली कुळकायदा झाला. 'कसेल त्याची जमीन' असं लोक म्हणू लागले. १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला. काही अपवाद सोडले, तर त्या दिवशी कसणारं कूळ जमिनीचं खरेदीदार मानलं गेलं. किंमत शेतजमीन न्यायाधिकरण ठरवी. ती हप्त्याने भरता येई.

पण कुळाने न्यायाधिकरणापुढे हजर राहून "मला जमीन घ्यायची आहे" असं सांगायला हवं होतं. कूळ गेलं नाही, किंवा "नको" म्हणालं, तर खरेदी निष्फळ ठरे. कोणी मालकाच्या भिडेने "नको" म्हणालं. कोणाला नोटीस वाचताच आली नाही. कायदा दारात आला, पण काही घरांत शिरलाच नाही.

आजही जपायला हवं. हे बोलणं ऐका.

"पोरी, सातबाऱ्यावर अजून तुझ्या पणज्याचंच नाव हाय."

"आबा, त्यांना जाऊन इतकी वर्षं झाली. वारसाची नोंद नको का करायला?"

"रान आपणच कसतोय की. कोण काढतंय आपल्याला?"

"कसतोय खरं, पण कागदाला ते कसं कळणार? उद्या चावडीत जाऊ. अर्ज मी लिहिते. सही मात्र तुम्ही करायची. अंगठा नाही!"

आबा हसले. पाटी घेऊन बसले.

सातबाऱ्यात तीन गोष्टी पाहा : नाव कोणाचं, क्षेत्र किती, आणि 'इतर हक्क' या रकान्यात कुळाची किंवा कर्जाची नोंद आहे का.

सांगा पाहू :
१. शेतकऱ्याची जमीन कशाने गेली?
२. कूळ हजर राहिलं नाही तर काय होई?
३. तुमच्या सातबाऱ्यावर कोणाचं नाव आहे? वाचून लिहा.