जिरेनियमला पाणी किती द्यायचं? मेलेल्या ४१ कुंड्यांनी शिकवलेला धडा

व्हिडिओत कुंड्या दाखवल्या, आता हिशोब आणि पद्धत नीट लिहून देतो. वहीत उतरवून घ्या.

नर्सरी सुरू केली त्या पहिल्याच वर्षी मी मार्च महिन्यात जिरेनियमच्या ६० कुंड्या भरल्या. कुंडी, माती धरून एक नग ६० रुपयांना पडला, विक्री १०० रुपये. दुकानातला पोरगा रोज सगळ्या झाडांना एकाच पाइपने पाणी मारायचा. एप्रिलमध्ये दुपारी झाडं माना टाकायला लागली. मी म्हटलं, उन्हाळा आहे, दोन वेळा पाणी दे. तिथेच माझं चुकलं. देठ बुडाशी काळे पडले आणि ४१ झाडं गेली.

हिशोब बघा

गुंतवणूक ३६०० रुपये. उरलेली १९ झाडं विकून आले १९००. तोटा १७०० रुपये. एका झाडामागे नफा ४० रुपये, पण एक झाड मेलं की ६० रुपये जातात. म्हणजे एक मेलेलं झाड दीड झाडाचा नफा खातं. म्हणून मी म्हणतो, नर्सरीत पाणी देणं हे माळीकाम नाही, ते कॉस्टिंग आहे.

झाड मान का टाकतं?

आपण ज्याला जिरेनियम म्हणतो ते खरं तर पेलार्गोनियम, मूळचं दक्षिण आफ्रिकेतलं. जाड देठात थोडं पाणी साठवतं, त्यामुळे थोडी तहान सोसतं, पण ओल्या मातीत मुळं सडतात. कडक उन्हात पानांतून पाणी जितक्या वेगाने उडतं, तितक्या वेगाने मुळं ते वर पोचवू शकत नाहीत. म्हणून माती ओली असूनही पानं दुपारी मलूल होतात. झाड निरोगी असेल तर संध्याकाळी आपोआप सावरतं. सडलेल्या मुळांचं झाडही तसंच दिसतं, आणि आपण घाबरून अजून पाणी ओततो!

म्हणून निर्णय दुपारी नाही, सकाळी घ्यायचा:

- बोट पहिल्या पेरापर्यंत मातीत घाला. कोरडं लागलं तर पाणी द्या, ओलं लागलं तर पुढची कुंडी.
- कुंडी उचलून बघा. हलकी म्हणजे तहानलेली. आठवडाभरात हाताला अंदाज येतो.
- सकाळीही मान खाली आणि माती ओली? पाणी बंद. कुंडी सावलीत ठेवा, देठाचं बूड तपासा. काळं असेल तर ते झाड स्टॉकमधून लगेच बाजूला काढा.
- पाणी पानांवर नाही, मातीवर. खालच्या भोकातून बाहेर येईपर्यंत द्या आणि ताटलीत साचलेलं ओतून टाका.

"दोन दिवसांनी एकदा" असा ठोक नियम कस्टमरला सांगू नका. मातीची कुंडी लवकर सुकते, प्लॅस्टिकची उशिरा. बोटाची परीक्षाच शिकवा.

आपल्या हवेत कसं वाढवायचं?

माती निचऱ्याची हवी: दोन भाग लाल माती, एक भाग जाड वाळू, एक भाग कुजलेलं कंपोस्ट. नुसती काळी माती नको. सकाळचं चार-पाच तास ऊन, दुपारी सावली. पावसाळ्यात शेडखाली. युरियाचा मारा केलात तर पानंच पानं, फुलं कमी.

पुण्यासारख्या ठिकाणी याचा खरा सीझन थंडी. उन्हाळ्यात फुलं कमी होणारच. त्यामुळे मी आता दिवाळीनंतर माल भरतो आणि फेब्रुवारीअखेर संपवतो. फक्त आठ-दहा मातृझाडं सावलीत जपतो. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये त्यांच्या तीन-चार इंची काड्या गाठीखाली कापायच्या, खालची पानं काढायची, काही तास काप सुकू द्यायचा, मग वाळूमिश्रित मातीत लावायच्या. वर प्लॅस्टिक झाकू नका, कुजतात. साधारण महिनाभरात मुळं धरतात. पुढच्या सीझनचा खरेदीखर्च तिथेच कमी होतो.

एक सूचना: तेल काढण्यासाठी शेतात लावतात ते सुगंधी जिरेनियम वेगळं. फुलांच्या कुंड्यांचा हिशोब त्याला लावू नका.

या आठवड्याचा गृहपाठ

जिरेनियम वेगळ्या रॅकवर ठेवा, पाइपच्या वाटेत नको. पाणी देण्याची जबाबदारी एकाच माणसाकडे द्या. आणि वहीत एक रकाना वाढवा: "मेलेली झाडं". विक्रीचा आकडा आपण सगळेच लिहितो. हा रकाना मी पहिल्या वर्षी ठेवला असता, तर दहाव्या झाडालाच थांबलो असतो.