संधी साधणे आणि संधिसाधूपणा : आंब्याच्या बाजारातून एक धडा

व्यापाऱ्याला संधी ओळखता आली पाहिजे. ज्याला ती ओळखता येत नाही त्याने दुकान उघडूनच बसू नये, असे आम्हाला स्पष्टपणे म्हणावेसे वाटते. हिजरतीनंतर हजरत अब्दुर्रहमान बिन औफ (रजि.) मदीनेत रिकाम्या हाताने आले. त्यांचे अन्सारी बंधू हजरत सअद बिन रबीअ (रजि.) यांनी आपली अर्धी मालमत्ता त्यांना देऊ केली. त्यांनी ती घेतली नाही. सअद (रजि.) यांना दुआ दिली आणि बाजार कुठे भरतो एवढेच विचारले. बनू कैनुकाच्या बाजारात पनीर आणि तूप यांच्या खरेदी-विक्रीपासून त्यांनी सुरुवात केली व थोड्याच दिवसांत स्वतःच्या कमाईतून मेहर देऊन निकाह केला. अनोळखी गाव, अनोळखी गिऱ्हाईक आणि हातात भांडवल नाही, तरीही त्यांनी संधी शोधली. ती कोणाच्या अडचणीत मात्र शोधली नाही.

हा फरक आपल्या रत्नागिरीत सर्वांत चांगला कळतो तो आंब्याच्या धंद्यात, कारण हापूसचा हंगाम जेमतेम तीन महिन्यांचा. मार्चमध्ये पेटी चढ्या भावाने जाते, मे सरता सरता भाव कोसळतो. वर्षभराची कमाई इतक्या थोड्या दिवसांत गोळा करायची म्हटल्यावर माणसाची परीक्षा होणारच.

2020 सालचे उदाहरण घ्या. 25 मार्चला देशभर टाळेबंदी लागू झाली, तेव्हा झाडावर आंबा तयार होत होता. वाशीच्या बाजाराचा भरवसा उरला नाही. अनेक बागायतदारांनी मुंबई-पुण्यातील गृहनिर्माण संस्थांशी फोनवर संपर्क साधला, एकेका इमारतीची मागणी एकत्र घेतली आणि पेट्या थेट दारात पोहोचवल्या. मे महिन्यात एस.टी. महामंडळानेही मालवाहतूक सुरू केली. जो आंबा पूर्वी अडत, हमाली, तोलाई भरून जायचा तो सरळ खाणाऱ्याच्या घरी गेला. यात कोणाचे नुकसान केले म्हणावे? बागायतदाराने निवड, बांधणी, वाहतूक आणि फळ खराब निघाल्यास बदलून देण्याची जबाबदारी, ही सारी कामे अंगावर घेतली व त्या कामांचा मोबदला मिळवला. संकटाच्या काळात मिळालेला नफा आहे म्हणून तो वाईट ठरत नाही.

त्याच वर्षी 3 जूनला निसर्ग चक्रीवादळ आले. दापोली, मंडणगड या तालुक्यांत घरांची छपरे उडाली आणि पावसाळा तोंडावर आलेला. पत्रा, कौले, ताडपत्री, सुतार, वायरमन, सारे एकाच वेळी सर्वांना हवे होते. अशा वेळी ज्याच्या वखारीत पत्रा आहे त्याने काय करावे? रस्ते बंद असताना त्याला माल आणायला जास्त भाडे पडले तर ते भाडे त्याने लावावे. लोक उगीच त्याला नफेखोर म्हणतात. प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या काळात मदीनेत भाव वाढले तेव्हा लोकांनी दर ठरवून देण्याची विनंती केली होती आणि त्यांनी ती मान्य केली नव्हती, हे विसरता कामा नये. परंतु जुन्या भावाने घेतलेला साठा कुलूप लावून ठेवणे आणि दोन पावसांनंतर काढणे, याला एहतिकार म्हणतात. काही फुकहांनी एहतिकाराची मनाई अन्नधान्यापुरती मानली आहे. इमाम अबू यूसुफ (रह.) यांचे मत मात्र असे की, जी वस्तू अडवून ठेवल्याने लोकांना त्रास होतो तिचा साठा एहतिकारच होय. जूनच्या पावसात छप्पर नसलेल्या घराला पत्रा धान्याइतकाच गरजेचा असतो, म्हणून आम्हाला हेच मत पटते. कारागिरांनाही हेच लागू आहे. सुताराने पहाटेपासून रात्रीपर्यंत काम करून जादा मजुरी घेतली तर ती त्याच्या घामाची आहे. पण विधवेच्या घरी दुसरा कोणी येणार नाही हे पाहून दुप्पट दर सांगणे वेगळे.

आता अधिक अवघड प्रकरण. 16 मे 2021 रोजी तौक्ते वादळाने किनारपट्टीला तडाखा दिला, हंगाम अजून संपलेला नव्हता. वादळात पडलेला आंबा पेटीत भरता येत नाही. तो मार खाल्लेला असतो, एक-दोन दिवसांत सडू लागतो. घेणारा कॅनिंगवालाच. तो म्हणेल तो भाव. यात कॅनिंगवाल्याला सरसकट दोष देणारे पुष्कळ आहेत, आम्ही देणार नाही. तो नसता तर सारे फळ खड्ड्यात गेले असते, आणि एकाच दिवशी आलेला डोंगराएवढा माल सोलायला-शिजवायला त्याच्याकडे माणसे व यंत्रे मर्यादितच असतात. त्याचा दर त्या खर्चावरून उतरला असेल तर तो व्यापार आहे. समोरच्याची गाडी आता परत जाऊ शकत नाही, एवढ्याच हिशेबाने उतरला असेल तर ती लूट आहे. बाहेरून दोन्ही सौदे सारखेच दिसतात. कोणत्या हिशेबाने दर धरला हे फक्त घेणाऱ्यालाच ठाऊक असते.

अज्ञानाचा फायदा घेण्याबाबत मात्र असा गुंता नाही. बाहेरगावाहून माल घेऊन येणाऱ्याला बाजारात पोहोचण्याआधी वाटेत गाठून सौदा करण्यास प्रेषितांनी (स.) मनाई केली, आणि तसा सौदा झालाच तर बाजारात आल्यावर तो मोडण्याचा हक्क विकणाऱ्याला दिला. आतल्या वाडीतील चार-सहा कलमांच्या मालकाला वाशीचा आजचा भाव ठाऊक नसतो, दारात टेम्पो घेऊन गेलेल्याला असतो. त्याने भाव सांगून आपले भाडे आणि नफा धरून दर ठरवावा. मोबाईल घरोघरी आल्यापासून हे अज्ञान कमी झाले, हे बरेच झाले.

नावाचा सौदाही असाच. कर्नाटकातून येणारा आंबा दिसायला हापूससारखा असतो, स्वस्त असतो, आणि तो विकण्यात काहीही गैर नाही. बेताच्या मिळकतीच्या कुटुंबाला तोच परवडतो. कर्नाटकचा म्हणून विकला तर ती चांगली संधी आहे, रत्नागिरीचा म्हणून विकला तर फसवणूक आहे. ऑक्टोबर 2018 मध्ये रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे व पालघर या जिल्ह्यांतील हापूसला भौगोलिक मानांकन मिळाले, तेव्हापासून हे कायद्याच्याही विरुद्ध आहे. पेटीत वरच्या थरात मोठे फळ व खाली बारके भरणाऱ्यांना धान्याच्या ढिगाची हदीस आठवावी. वर कोरडे, आत हात घातल्यावर ओले. पावसाने भिजले असे विकणाऱ्याने सांगितले, तेव्हा ते वर का ठेवले नाहीस, असे त्याला विचारले गेले.

शेवटी बागा करारावर घेण्याविषयी. आपल्याकडे मोहोर दिसताच, कधी त्याच्याही आधी, दोन-तीन वर्षांसाठी बाग ठरावीक रकमेला दिली जाते. फळ धरून हाती लागण्याजोगे होण्यापूर्वी विकण्यास हदीसमध्ये मनाई आहे आणि कारणही दिले आहे : फळ आलेच नाही तर आपल्या भावाचे पैसे कशाच्या बदल्यात घेणार? अवकाळी पाऊस, तुडतुडा, थ्रिप्स पाहिलेल्या कोकणी माणसाला हे कारण समजावून सांगावे लागत नाही. दुसरे नुकसान झाडाचे होते. कल्टार हे औषध 15 जुलै ते 15 ऑगस्टच्या दरम्यान, झाडाच्या विस्ताराच्या व्यासावरून मात्रा काढून द्यायचे असते आणि त्यासोबत खत वाढवायचे असते. ज्याची मुदत दोन वर्षांची आहे तो मात्रा वाढवतो, खत वाचवतो, लवकर भरघोस पीक घेतो आणि थकलेली कलमे मालकाच्या हवाली करतो.

म्हणून ज्यांना बाग घ्यायची वा द्यायची आहे त्यांनी ठरावीक रकमेऐवजी उत्पन्नातील वाटा ठरवावा. पीक बुडाले तर दोघांचे बुडेल. कागदावर प्रत्येक कलमामागे कल्टारची मात्रा, खताचे प्रमाण आणि ते कोणी घालायचे हे लिहावे. वाशीची पट्टी दोघांनी पाहावी. बोलणी जुलैपूर्वी उरकावीत, कारण औषध एकदा मुळाशी पडले की ते परत काढता येत नाही.