कुंडलिकेचे खोरे : एका नदीचे दोन उगम

ताम्हिणी घाटाच्या उत्तरेस पिंपरी गावाजवळच्या कड्यावर उभे राहिले, की कुंडलिकेचे खोरे एकदम पायाशी उघडते. समोर सरळ तुटलेले कडे, त्यांच्या पायथ्याशी दाट रान आणि त्यापलीकडे कोकणची सखल भूमी. अंधारबनाची जुनी वाट याच खोऱ्याच्या काठाने हिरडीमार्गे भिऱ्याकडे उतरते.

या रचनेचे कारण खडकात आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारसाचे थर एकावर एक साचले. त्यांतील कठीण थरांचे कडे झाले. ठिसूळ थर झिजून त्यांचे उतार झाले व त्यांवर माती धरून झाडी वाढली. पश्चिमेकडे समुद्र जवळ असल्याने इकडचे ओढे तीव्र उताराने धावतात व मागे मागे घाटमाथा कोरीत जातात. पूर्वेकडे वाहणाऱ्या मुळेला मात्र भीमा व कृष्णा यांच्या वाटेने बंगालच्या उपसागरापर्यंत हजाराहून अधिक किलोमीटरचा प्रवास आहे.

घाटमाथ्यावर वर्षाला ५,००० मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. पण तो बहुतेक चार महिन्यांत पडून जातो. देवकुंडाजवळचा जो उगम लोक मानतात, तो पावसाचा. २०१३ साली घोषित झालेल्या ताम्हिणी अभयारण्यामुळे येथील वनाला संरक्षण मिळाले. शेकरूचा हा निवारा उतारावरची माती धरतो आणि पाणी जमिनीत मुरवतो. तरीही हे रान उन्हाळाभर नदी वाहती ठेवील, अशी अपेक्षा करणे योग्य नव्हे. काळ्या खडकाच्या भेगांत पाणी साठते ते थोडेच.

उन्हाळ्यातील कुंडलिका वाहते ती दुसऱ्या उगमामुळे, आणि तो माणसाने घडविलेला आहे. मुळशी येथे मुळा नदी अडवून तिचे पाणी घाटमाथ्यावरून पोलादी नळांतून सुमारे ५०० मीटर खाली भिरा वीजगृहात सोडले जाते. हे वीजगृह १९२७ साली सुरू झाले. त्यापूर्वी, १९२१ मध्ये, बुडणाऱ्या जमिनींसाठी मावळ्यांनी सेनापती बापट यांच्यासह सत्याग्रह केला होता. कोकणास मिळालेल्या पाण्याचा हिशेब करताना ही किंमत कोणी मोजली, हे विसरता येत नाही.

विजेचे काम संपल्यावर हेच पाणी कुंडलिकेत येते. डोलवहाळच्या बंधाऱ्यावरून निघालेल्या कालव्यांनी रोहा व माणगाव तालुक्यांतील शेतांना उन्हाळ्यातही पाणी मिळते. धाटावचे कारखाने याच नदीकाठी आहेत. कोलाडचा नौकाविहारही भिऱ्याहून पाणी सुटण्याच्या वेळेवर चालतो. पुढे रोह्यापर्यंत भरती चढते आणि रेवदंडा-कोर्लई यांच्यामध्ये नदी समुद्रास मिळते. वरून येणारे गोडे पाणी घटले, तर खारे पाणी खाडीत अधिक आत सरकते. काठच्या शेतकऱ्यांना याचे महत्त्व वेगळे सांगावयास नको.

हे पाणी पुन्हा पूर्वेकडे वळवावे, अशी मागणी भीमा खोऱ्यातून होत असते. तिकडील अवर्षणग्रस्त गावांची गरज खरी आहे. परंतु शंभर वर्षांच्या अवधीत कुंडलिकेच्या काठी जे उभे राहिले, तेही या पाण्याच्या हिशेबात धरावे लागेल. नदीकाठच्या पंचायतींनी आपापल्या गावची शेती, पिण्याच्या पाण्याच्या योजना आणि खारबंदिस्ती यांची नोंद आतापासूनच ठेवावी.

भूगोलाच्या शिक्षकांनी मे महिन्यात विद्यार्थ्यांना प्रथम भिऱ्याच्या वरच्या अंगाचे ओढे दाखवावेत आणि त्याच दिवशी कोलाडच्या पुलावर न्यावे. खालचे पाणी कोठून आले, हे मुले आपणच विचारतील.