लेश्या : मनाचा रंग कसा ओळखावा?



"माझा रंग कोणता?" हा प्रश्न आजकाल पुष्कळांना पडतो. कोणी आभामंडळाचा फोटो काढून घेतो, कोणी रंगीत खडा बोटात घालतो, तर कोणी पत्त्यांवरच्या रंगांवरून पुढच्या वर्षाचे भाकीत विचारतो. यामागची ओढ खरी आहे. आपल्या आत काय चालले आहे, हे कोणीतरी पाहून सांगावे असे प्रत्येकाला वाटते.

भारतात या प्रश्नाचा विचार फार पूर्वीच झाला आहे. जैन दर्शनात त्याला 'लेश्या' म्हणतात. आजच्या पाठात आपण ती समजून घेऊ.

लेश्या म्हणजे काय?

ज्याच्या योगाने आत्म्याला कर्माचा लेप बसतो, ती लेश्या. स्फटिक मुळात स्वच्छ असतो. त्याच्याजवळ जास्वंदीचे फूल ठेवले की तो लाल दिसू लागतो. फूल बाजूला केले की लाली जाते. स्फटिकात तो रंग मुळात नव्हताच. आत्मा आणि आपल्या वृत्ती यांचे नाते असेच आहे.

शास्त्रात लेश्येचे दोन प्रकार सांगितले आहेत. द्रव्यलेश्या ही पुद्गलाची, म्हणजे जड पदार्थाची असते आणि भावलेश्या ही मनाच्या परिणामांची असते. साधकाचे काम भावलेश्येशी आहे. म्हणून एक गोष्ट आधीच स्पष्ट करू. कृष्णलेश्या म्हणजे काळी कातडी नव्हे आणि शुक्ललेश्या म्हणजे गोरा वर्ण नव्हे. सावळ्या देहात शुक्ल भाव असू शकतो आणि गोऱ्या देहात कृष्ण भाव.

सहा रंग

उत्तराध्ययन सूत्राच्या 34 व्या अध्ययनात सहा लेश्यांचे वर्णन आहे. तिथल्या उपमा रोजच्या पाहण्यातल्या आहेत.

1. कृष्ण : पावसाळी ढग किंवा काजळासारखी. हिंसा, क्रूरपणा, मागचापुढचा विचार न करणे.
2. नील : चाष पक्ष्याच्या पंखासारखी. मत्सर, कपट, लोभ, निर्लज्जपणा.
3. कापोत : पारव्याच्या मानेसारखी. बोलण्यात आणि वागण्यात वाकडेपणा, स्वतःचे दोष झाकणे.
4. तेज : उगवत्या सूर्यासारखी किंवा दिव्याच्या ज्योतीसारखी लाल. नम्रता, स्थिरता, पापाचे भय.
5. पद्म : हळदीसारखी पिवळी. क्रोध, मान, माया आणि लोभ पातळ झालेले, चित्त शांत.
6. शुक्ल : शंख आणि दुधासारखी पांढरी. राग-द्वेष शमलेले, मन ध्यानात रमलेले.

पहिल्या तीन अशुभ आणि पुढच्या तीन शुभ. सूत्र केवळ रंगावर थांबत नाही, चव आणि स्पर्शही सांगते. कृष्णलेश्या कडुनिंबाहून कडू, कापोत कच्च्या आंब्याहून आंबट. अशुभ लेश्यांचा स्पर्श करवतीसारखा खरखरीत, शुभ लेश्यांचा लोण्यासारखा मऊ. रागाच्या भरात बोलून झाल्यावर तोंडाला येणारी कडू चव आठवा. मग या उपमा नुसत्या कल्पना वाटणार नाहीत.

जांभळाचे झाड

लेश्या समजावण्यासाठी एक दृष्टांत सांगतात. आचार्य नेमिचंद्रांच्या 'गोम्मटसार' ग्रंथात तो आला आहे. हे आचार्य चावुंडरायाचे गुरू. श्रवणबेळगोळची बाहुबलीची मूर्ती याच चावुंडरायाने उभारली. तिच्या पायाशी असलेला त्याच्या नावाचा लेख मराठीतल्या जुन्या शिलालेखांपैकी एक मानला जातो.

सहा वाटसरू रानात वाट चुकले. भूक लागली होती. समोर फळांनी लगडलेले झाड दिसले. पहिला म्हणाला, "मुळासकट उपटू." दुसरा म्हणाला, "खोडापासून तोडू." तिसऱ्याने मोठी फांदी तोडायचे सुचवले, चौथ्याने लहान डहाळी. पाचवा म्हणाला, "हवी तेवढी फळेच तोडू." सहावा म्हणाला, "खाली पडलेली आहेत, तीच पुरेत."

इथे थोडे थांबा. भूक सहाही जणांना सारखीच होती. भूक लागणे हा दोष नाही. रंग ठरला तो भूक भागवताना दुसऱ्याचे किती नुकसान करायला मन तयार झाले यावर.

आता हाच दृष्टांत घरात आणू. भावाने उसने घेतलेले पैसे वर्ष झाले तरी परत केले नाहीत. एक विचार येतो, "त्याचे कधीच भले होऊ नये." दुसरा, "आजपासून नाते संपले." तिसरा, "चार नातेवाइकांत सांगतोच." चौथा, "पैसे मागेन, पण दोन शब्द सुनावूनच." पाचवा, "मला हवे आहेत तेवढे शांतपणे मागेन." सहावा, "त्याची अडचण विचारेन, जमेल तेव्हा देईल." हे सहा वेगवेगळे लोक नाहीत. एका संध्याकाळी एकाच माणसाच्या मनात हे सहाही विचार येऊन जाऊ शकतात.

रंग टिकत नाही

रंगांवरून माणसांची वर्गवारी करण्याचा मोह जुना आहे. बुद्धाच्या काळी पूरण कश्यप नावाचे एक आचार्य होते. त्यांनी माणसांचे सहा रंगांचे वर्ग केले होते. खाटीक, पारधी, कोळी हे काळ्या वर्गात, तर सर्वांत शुभ्र वर्गात आजीवकांचे गुरू. राजगृहाजवळच्या गृध्रकूट पर्वतावर आनंदाने हे बुद्धांच्या कानी घातले. बुद्धांनी विचारले की, हे वर्ग साऱ्या जगाने मान्य केले आहेत का? मग त्यांनी सांगितले की, काळ्या स्थितीत जन्मलेला माणूसही शुभ्र कर्म करू शकतो आणि निर्वाण मिळवू शकतो. शुभ्र स्थितीत जन्मलेलाही काळे कर्म करू शकतो.

लेश्येच्या सिद्धांतातही याच्या जवळ जाणारी गोष्ट आहे. उत्तराध्ययन सांगते की, केवलज्ञानींची शुक्ललेश्या सोडली तर माणसांची आणि तिर्यंचांची कोणतीही लेश्या अंतर्मुहूर्तापेक्षा जास्त टिकत नाही. मुहूर्त म्हणजे 48 मिनिटे. अंतर्मुहूर्त त्याच्या आतच.

याचा अर्थ नीट लक्षात घ्या. सकाळी कोणी तुमचा रंग अचूक पाहिला, तरी दुपारपर्यंत ते वर्णन जुने झालेले असेल. मग त्यावरून पुढच्या वर्षाचे भविष्य कसे सांगणार? "सासूबाई मुळातच तशा", "आमचा साहेब काळ्या मनाचा" असे कायमचे शिक्केही मारता येत नाहीत. आणि "मी असाच रागीट आहे" ही सबबही उरत नाही. शुभ रंगाचेही तेच आहे. पहाटेच्या ध्यानातली शांती संध्याकाळपर्यंत आपोआप पुरत नाही, ती पुन्हा मिळवावी लागते.

म्हणूनच त्या अध्ययनाच्या शेवटी भाकीत नाही, उपदेश आहे : लेश्यांचे स्वरूप जाणून अशुभ सोडाव्यात आणि शुभ धराव्यात.

अभ्यास

आचार्य महाप्रज्ञांनी प्रेक्षाध्यानात लेश्याध्यानाचा समावेश केला. त्यात एकेका केंद्रावर एकेक रंग पाहतात. ज्योतिकेंद्रावर, म्हणजे कपाळाच्या मध्यभागी, पौर्णिमेच्या चंद्रासारखा शुभ्र रंग कल्पून क्रोध शांत होत असल्याची भावना करतात. तुम्ही सुरुवात याहून सोप्या गोष्टीने करा.

- दुकानदार रोजकीर्द लिहितो तशी आठवडाभर मनाची रोजकीर्द लिहा. सकाळ, दुपार आणि रात्र अशा तीनच नोंदी.
- नोंदीत प्रसंग लिहा आणि त्या वेळी मन मुळावर गेले होते, फांदीवर की पडलेल्या फळावर, तेवढेच लिहा.
- फक्त स्वतःचे खाते लिहा. दुसऱ्याचा रंग या वहीत येऊ देऊ नका.
- राग आला की निर्णय एक मुहूर्त पुढे ढकला. कठोर संदेश लिहून झाला असेल तरी 48 मिनिटे पाठवू नका. मग पुन्हा वाचा. लिहिणाऱ्याचा रंग तोपर्यंत बदललेला असू शकतो.

चिंतनासाठी प्रश्न

1. आज कोणत्या प्रसंगी मन मुळावर घाव घालायला निघाले होते? तिथे खरी भूक कशाची होती?
2. ती भूक खाली पडलेल्या फळांवर भागली असती का?
3. कोणाच्या नावावर मी कायमचा एक रंग लावून ठेवला आहे? तो आज पुसता येईल का?